प, सा, ग, ध: आर्वी तालुक्यातल्या एका युकुलेले वर्गाचं प्रकरण

दिवाळीची सुट्टी संपल्यानंतरच्या पहिल्या शनिवारी वर्गाला सहाच मुलं आली. जुलैत एकवीस होती. त्या रात्री सरांचा मला फोन आला. "भाऊ, उद्या पेटी घेऊन येता काय? माह्यं कुठंतरी चुकून राहिलं, पण काय चुकते ते समजून नाही राहिलं."

मी त्या गावच्या शेजारच्या गावात राहतो आणि भजनी मंडळात पेटी वाजवतो. युकुलेले हे छोटं, चार तारांचं वाद्य मला तोवर फक्त पाहून माहीत होतं. पुढचं वर्षभर मी या वर्गाला जवळून पाहिलं, काही बदलांत माझाही हात होता. म्हणून हे लिहून ठेवतो आहे. गावाचं आणि माणसांची नावं देत नाही. आर्वी तालुका, वर्धा नदीच्या अलीकडचं कपाशी-तुरीचं गाव, एवढं पुरे.

सर आणि त्यांचं वाद्य

सर शेतकऱ्याचे. तरुणपणी अनेक वर्षं लग्नाच्या ऑर्केस्ट्रात गिटार वाजवत होते. युकुलेलेकडे ते भाचीमुळे वळले. आठ वर्षांच्या त्या मुलीला गिटार शिकायची होती, पण तिचा पंजा दांडीभोवती पोचत नव्हता आणि पोलादी तारांनी बोटं सोलून निघत होती. गिटारची तार साधारण ६५ सेंटिमीटर लांब असते. सोप्रानो, म्हणजे छोट्या आकाराच्या युकुलेलेची जेमतेम ३३ ते ३५. तारा चार, त्याही नायलॉनच्या. सरांनी भाचीसाठी एक मागवलं. भाची महिन्याभरात शिकली, आणि सरांची गिटार त्यानंतर खोळीतून फारशी बाहेर आलीच नाही. गेली काही वर्षं ते रोज पहाटे, दूध काढून झालं की, तासभर त्याच चार तारांवर बसतात. मी हे मुद्दाम सांगतो, कारण या प्रकरणात शिकवणाऱ्याची निष्ठा किंवा तयारी कमी पडली असं कोणी म्हणू नये. त्यांचा हात फार स्वच्छ आहे.

मुलांना पहिल्या दिवशी ते या वाद्याची गोष्ट सांगतात. २३ ऑगस्ट १८७९ ला रेवेन्सक्रॅग नावाचं जहाज पोर्तुगालच्या मदिरा बेटावरची माणसं घेऊन होनोलुलूला लागलं. ही माणसं हवाईतल्या उसाच्या मळ्यांत कामाला आली होती. त्यांत लाकूडकाम जाणणारे तिघे होते: मान्युएल नुनिश, ऑगस्तो दियश आणि जुझे दु इश्पिरितु सान्तु. मदिरातल्या 'माशेत' नावाच्या छोट्या तंतुवाद्यावरून त्यांनी तिथे वाद्यं घडवली, बेटावरच्या लोकांनी ती आपल्या गाण्याला लावली, राजा कालाकाउआने दरबारात मान दिला, आणि १९१५ च्या सॅन फ्रान्सिस्कोच्या जागतिक प्रदर्शनानंतर अमेरिकेला त्याचं वेड लागलं. हवाईच्या भाषेत 'उकू' म्हणजे पिसू आणि 'लेले' म्हणजे उडी मारणं. हे ऐकून मुलं खूश होतात. आमच्या मंडळातले एक आजोबा मात्र वाद्य हातात घेऊन म्हणाले होते, "हे तं गिटारचं पिल्लू होय."

मळ्यावर राबायला आलेल्या मजुरांचं वाद्य बेटावरच्या लोकांनी स्वतःच्या गाण्याला लावून घेतलं, हा त्या गोष्टीतला भाग मला नंतर फार आठवत राहिला. सर तो दर वर्षी सांगत होते आणि वर्गात नेमकं उलट चाललं होतं.

काय शिकवलं जात होतं

शनिवार-रविवार, दुपारी चार ते सहा. सगळीकडे शिकवतात तोच कॉर्डचा (एकत्र वाजवायच्या ठरावीक स्वरांचा) क्रम: सी, ए मायनर, एफ, जी सेव्हन. सी कॉर्डला एकच बोट लागतं, त्यामुळे पहिल्याच तासाला प्रत्येक मूल काहीतरी वाजवून घरी जातं. गिटारवर हे होत नाही, आणि युकुलेलेचा हा गुण खरंच मोठा आहे. ऑगस्टअखेर सगळ्यांना चारही कॉर्ड येत होते. हिंदी सिनेमातली दोन-तीन गाणी बसली, पंधरा ऑगस्टला शाळेत वाजवून झालं, टाळ्या मिळाल्या.

सप्टेंबरपासून एकेक मूल गळायला लागलं.

गावात याची कारणं तयार होती. कापूस वेचणीला आला, आई-बाप दिवसभर शेतात, सहावी-सातवीतल्या मुलींवर घर आणि लहान भावंडं. पोट्टे मोबाईलच्या मागे. शिकून काय होते. यातलं वेचणीचं कारण अगदी खरं होतं, त्यावर पुढे येतो. पण त्याने सगळा उलगडा होत नव्हता, कारण मुलगेही गेले होते, आणि वेचणी सुरू होण्याआधीच जायला लागले होते. सरांच्या हजेरीच्या वहीत मी नावं पाहिली तेव्हा एक गोष्ट डोळ्यांत भरली. जी मुलं मंडळात बसून गातात, ज्यांचा गळा मला माहीत आहे, ती आधी गेली होती. उरलेली सहा बहुतेक न गाणारी होती.

रविवार

मी गेलो तेव्हा सरांनी एका मुलीला घरून बोलावून आणलं होतं. सातवीतली. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत महिनाभर त्या आळीत भुलाबाई (मुलींचा गाण्यांचा सण) बसते, आणि गाणी तीच उचलते, बाकीच्या मुली मागून म्हणतात. वर्गातून मात्र ती सप्टेंबरातच गेली होती. मी तिला विचारलं, काहून सोडलं? ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "काका, याच्यावर म्हटलं का चालच बदलून जाते."

वाद्य बाजूला ठेवून तिला भुलाबाईचं एक गाणं म्हणायला सांगितलं. पेटीवर तिचा सा शोधला तर काळी पाच, म्हणजे पाचवी काळी पट्टी. गाण्यात गंधार (ग) कोमल, म्हणजे शुद्धापेक्षा अर्धा सूर खालचा, स्पष्ट आणि ठाम कोमल. आता तेच सी कॉर्ड वाजवत म्हणायला सांगितलं. सी कॉर्डमध्ये सा, शुद्ध ग आणि प आहेत. तिचा गळा कोमल गंधाराकडे जायचा, हातातलं वाद्य शुद्ध गंधार ओरडून सांगायचं. दोन ओळी तिने कशाबशा ओढल्या आणि थांबली. तिचं चुकत नव्हतंच. तिला ऐकू येत होतं, म्हणून ती थांबली. ज्यांना ऐकू येत नव्हतं त्यांना काहीच अडचण नव्हती, ती सहाजणं मजेत वाजवत होती.

सर खूप वेळ गप्प बसले होते. मला वाटतं, त्या दिवशी त्यांना लागलं असेल.

मग मंडळात येणाऱ्या एका मुलाला बसवलं. आमच्या भागात राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांची (१९०९–१९६८) भजनं घराघरांत आहेत. मोझरीचा गुरुकुंज आश्रम नदीपलीकडेच. तिन्हीसांजेला सामुदायिक प्रार्थना आणि मग खंजिरीवर भजन, हा कित्येक गावांचा रोजचा नेम आहे. आमचं मंडळ काळी एकमध्ये गातं, माझ्या आधीच्या पेटीवाल्यापासून तसंच आहे. युकुलेलेचा सी म्हणजे पांढरी एक. फरक एका सुराचाही नाही, अर्ध्याचा. त्या मुलाने वर्गात शिकलेलं मंडळात वाजवून पाहिलं होतं आणि बुवांनी त्याला हाताने थांबवलं होतं. पुन्हा त्याने वाद्य तिथे नेलं नाही. म्हणजे वर्गात जे येतं त्याला गावात वाजायला जागाच नाही, अशी स्थिती होती.

तिसरी गोष्ट कॉर्ड बदलण्याची. सी-ए मायनर-एफ-जी सेव्हन असं दर चार मात्रांनी जमीन हलवत न्यायचं, हे त्या चालींच्या स्वभावातच नाही. त्यांना खाली एक स्थिर सा-प लागतो, त्यावर चाल आणि शब्द चालतात. मुलांचं सगळं लक्ष पुढचं बोट कुठे ठेवायचं यात, आणि शब्द तोंडातल्या तोंडात.

चार मोकळ्या तारा

त्यानंतर आम्ही दोघांनी आठवडाभर रोज रात्री जे केलं ते इथे सविस्तर लिहितो, कारण दुसऱ्या कोणाला उपयोगी पडलं तर हेच पडेल.

युकुलेलेच्या तारा जी-सी-ई-ए. गिटारसारख्या जाड ते बारीक अशा उतरत्या नसतात. वाजवणाऱ्याच्या चेहऱ्याकडची पहिली तार उंच स्वराची असते, सगळ्यात खालचा स्वर दुसऱ्या तारेचा, सी. मी पेटीवर सी ला सा मानून चारही तारा बोललो: प, सा, ग, ध. भूप रागाचे पाचपैकी चार स्वर, एकही बोट न ठेवता. उरलेला रे सा च्या तारेवर दुसऱ्या पडद्यात (पडदे म्हणजे दांडीवरच्या आडव्या पट्ट्या). वरचा सा ध च्या तारेवर तिसऱ्या पडद्यात. आणि ती उंच पहिली तार म्हणजे पंचम, अगदी अंगठ्याखाली. तो अंगठा प-सा करत राहिला की जमीन तयार.

कोमल गंधाराच्या चालींचं काय? इथे सा बदलायचा. शेवटची तार, ए, तिलाच सा म्हणा. मग जी होतो कोमल नी, सी होतो कोमल ग, ई होतो प. दुसऱ्या पडद्यातलं तेच एक बोट आता रे नाही, मध्यम आहे. म्हणजे धानी राग. भूपाच्या धैवताला सा मानलं की धानी मिळतो हे पेटीवाल्याला नवीन नाही, पण मुलाच्या मांडीवर बसणाऱ्या वाद्याच्या मोकळ्या तारांत हे दोन्ही तयार बसलेले आहेत, हे मला त्या रात्री कळलं आणि झोप लागली नाही. सरांना ए मायनर माहीत होताच. पहिल्या तारेवर दुसऱ्या पडद्यात एक बोट ठेवलं की तारा सा-कोमल ग-प-सा होतात. भुलाबाईच्या त्या गाण्याला हवं ते एका बोटात होतं. फक्त वर्गात तो कॉर्ड कधीच घर म्हणून आला नव्हता, नेहमी वाटेतला.

राहिला अर्ध्या सुराचा प्रश्न. आधी पेन्सिल आणि रबरबँड लावून पहिला पडदा दाबून पाहिला. काही वाद्यांवर चाललं, काहींवर तारा खरखरल्या. मग सर म्हणाले, सगळी वाद्यंच अर्धा सूर चढवून ठेवू. मला तारा तुटायची भीती वाटली. त्यांनी सांगितलं की विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सोप्रानो युकुलेले पूर्ण एक सूर चढवून लावायची पद्धत सर्रास होती, आणि १९६० च्या दशकाच्या अखेरीपासून कॅनडातल्या हॅलिफॅक्सच्या शाळांत चामर्स डोन यांनी युकुलेलेवर संगीत शिकवलं तेही त्याच चढ्या लावणीत. अर्ध्या सुराने काही बिघडणार नव्हतं. चढवल्यावर सी झाला काळी एक, मंडळाचा सा. आणि ए झाला काळी पाच, त्या मुलीचा सा. दोन्ही एकाच लावणीत. हा योगच म्हणायचा, पण काळी एक आणि काळी पाच आमच्याकडे इतक्या गळ्यांना बसतात की निव्वळ योग म्हणवत नाही.

एक सूचना: वाद्यं मोबाईलच्या ट्यूनरवर नव्हे, मंडळाच्या पेटीवर लावायची. जुनी पेटी क्वचितच ट्यूनरच्या काट्याला धरून असते. माझी थोडी चढी आहे. ट्यूनरवर अचूक लावलेली दहा युकुलेले तिच्याशेजारी बेसूर वाटतात, आणि लोक दोष मुलांना देतात.

वाद्यांचा दोषही होताच. ऑनलाइन मागवलेली ती स्वस्त वाद्यं होती. दांडीच्या टोकाला तारा ज्या पट्टीच्या खाचांतून जातात त्या खाचा पुरेशा खोल कापलेल्या नव्हत्या. अशा वाद्यावर पहिल्या पडद्यात तार दाबली की ती जास्त ताणली जाते आणि सूर चढा लागतो. मोकळी तार बरोबर, दाबलेली बेसूर. मुलांना वाटे आपलंच बोट चुकतं. सरांनी तालुक्याच्या सोनाराकडून बारीक कानस आणली आणि एकेक खाच थोडी थोडी घासत, दर वेळी तार चढवून ऐकत, सगळी वाद्यं नीट केली. दोन रविवार गेले. एका वाद्याची खाच जास्त कापली गेली आणि तार पडद्यावर वाजायला लागली. ती पट्टी बदलावी लागली.

सरांची हरकत

हे सगळं करताना सर पूर्ण राजी नव्हते, आणि त्यांची हरकत हलकी नव्हती. त्यांनी सरळ विचारलं, "मंग युकुलेलेच कायले पाह्यजे? तुणतुणं द्या ना पोराच्या हातात." हे वाद्य कॉर्डचं आहे. चार तारा एकत्र वाजून जो भरीवपणा येतो त्यासाठीच त्यांनी गिटार सोडली होती. अंगठ्याने प-सा करायला मुलांना बसवलं तर आपण वाद्याचं अर्धं अंग कापून टाकलं असं त्यांना वाटत होतं. शिवाय मींड (सुरावरून सुरावर घसरत जाणं) नाही, गमक (सूर हलवणं) नाही, सूर क्षणात विरतो. तंबोऱ्याचं काम त्याला कधीच नीट करता येणार नाही. यातलं प्रत्येक वाक्य बरोबर आहे.

याला उत्तर मी दिलं नाही. ते डिसेंबरात एका मुलाकडून आलं, मंडळात वाद्य परत न्यायला लाजणाऱ्या त्याच मुलाकडून. एका भजनाची दुसरी ओळ मध्यमावर येऊन थांबते. खाली मोकळ्या तारा वाजत होत्या, त्यात शुद्ध गंधार. वर म, खाली ग, कानाला टोचत होतं. दोन दिवस तो त्या जागी हात उचलून गप्प राहायचा. तिसऱ्या दिवशी त्याचं बोट आपोआप ग च्या तारेवर पहिल्या पडद्यात गेलं. तिथे म आहे. सर उठून त्याच्याजवळ गेले आणि त्याचं दुसरं बोट धरून पहिल्या तारेवर दुसऱ्या पडद्यात ठेवलं. ध-सा-म-ध. तो एफ कॉर्ड होता. जुलैत त्याला तो आकृती पाहून पाठ करवला होता आणि तो विसरलाही होता. आता तो स्वर आधी त्याच्या कानाला हवा झाला आणि बोट मागून आलं. यानंतर सरांनी तुणतुण्याचं नाव काढलं नाही. कॉर्ड परत आले, पण जिथे चाल मागते तिथेच.

वेळ

वेचणीचं कारण खरं होतं असं वर म्हटलं. शनिवार-रविवारी दुपारी चार ते सहा ही वेळ शहरातल्या क्लासची आहे. त्या वेळी आमच्याकडे बाया शेतात असतात आणि घर मुलींच्या हाती. वर्ग रोज संध्याकाळी प्रार्थनेनंतर अर्धा तास केला, मंदिराच्याच ओट्यावर. आया तिथे आलेल्या असतात, लहान भावंडं त्यांच्याकडे जातात. एवढ्या एका बदलाने पाच मुली परत आल्या. सुरांचं आम्ही जे केलं त्यापेक्षा हे किती तरी सोपं होतं, आणि पहिल्याच आठवड्यात कोणीतरी आयांना विचारलं असतं तर सुचलंही असतं.

फेब्रुवारीत चौदा मुलं नियमित होती. सगळी परतली नाहीत. दोघांना सिनेमाचीच गाणी हवी होती, त्यांना सर रविवारी वेगळं शिकवतात.

मे महिना

उन्हाळ्याकडे आमचं दुर्लक्ष झालं. परीक्षा संपल्यावर वाद्यं टिनाच्या एका खोलीत कुलूप लावून ठेवली. विदर्भातल्या शाळा जूनअखेर उघडतात ते उगाच नाही. मे महिन्यात बाहेर ४५ अंशांच्या वर जातं, टिनाखाली त्याहून जास्त. कुलूप उघडलं तेव्हा तीन वाद्यांची घोडी (तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी) उचकटून आली होती. सरांचं स्वतःचं वाद्य, सगळं अस्सल लाकडाचं, घरी भिंतीला टांगलेलं, त्याच्या तबकडीला वरपासून घोडीपर्यंत चीर गेली होती. प्लायची स्वस्त वाद्यं मात्र तडकली नाहीत. कोरड्या हवेत अखंड लाकूड आकसतं, प्लायचे थर एकमेकांना आडवे असल्याने तग धरतात. म्हणून आमच्या भागात मुलांसाठी प्लायचंच घ्यावं असं माझं मत झालं आहे. आता उन्हाळ्यात सगळी वाद्यं मातीच्या भिंतींच्या घरात, तारा उतरवून, खोळीत असतात. प्रत्येक खोळीत भोकं पाडलेली साबणदाणी आणि तीत ओला, पिळलेला स्पंज. कूलरच्या झोतापुढे ठेवू नये. तिथे ओल जास्त होते आणि दिवसातून दोनदा हवा पालटते, ते लाकडाला आणखी वाईट.

सरांची चीर त्यांनी स्वतः भरली. आवाज थोडा बसला आहे. ते तेच वाजवतात.

आज

यंदा भुलाबाईला ती मुलगी आठवीत गेली होती, शाळा तालुक्याला. तरी महिनाभर रोज संध्याकाळी बसने परत येऊन तिने गाणी उचलली, मांडीवर युकुलेले, ए मायनरचं एक बोट. तिच्या शेजारी चौथीतल्या दोघी तिच्या बोटाकडे पाहत बसायच्या. मंडळातही खंजिरीच्या शेजारी आता तीन युकुलेले असतात. त्यांचा सूर लवकर विरतो, म्हणून खंजिरीच्या आड येत नाहीत, हे बुवांनीच बोलून दाखवलं.

अडलं आहे ते भैरवीवर. मंडळ शेवट भैरवीनेच करतं. मोकळ्या तारांत भैरवीचे चार स्वर आहेत, ग च्या तारेला सा मानलं की सा, कोमल ग, म आणि कोमल ध आपल्या जागी येतात. पण आमच्या चढवलेल्या लावणीत ती तार पांढरी चार बोलते, आणि बुवांचा गळा काळी एक सोडून तिथे जात नाही. जाऊही नये. सरांनी हिशोब मांडून पाहिला: बॅरिटोन, म्हणजे मोठ्या युकुलेलेच्या तारा डी-जी-बी-ई असतात, त्याला दुसऱ्या पडद्यात कॅपो (सगळ्या तारा एकदम दाबणारा चिमटा) लावला की तीच तार बरोबर काळी एक होते. तुरीचे पैसे हातात आले की एक मागवायचं ठरलं आहे. तोवर भैरवीला मुलं वाद्यं मांडीवर आडवी ठेवतात आणि गातात.